प्रा. व्हिक्टोरिया फोंताँ यांना अनावृत आभारपत्र

आदरणीय प्रा. फोंताँ,

सप्रेम नमस्कार.

पुण्यात परदेशी विद्यार्थ्यांच्या प्रवेशाची कागदपत्रं तपासणाऱ्या आम्हा काही जणांचं हे पत्र, तुम्ही अमेरिकन युनिव्हर्सिटी ऑफ अफगाणिस्तान बंद पडू दिलं नाही म्हणून. अफगाण मुलं-मुली पुण्यात वर्षानुवर्षं शिकायला येत आली आहेत. दरी भाषेतली प्रमाणपत्रं, काबूलचे गोल शिक्के आणि तजकिरा, म्हणजे अफगाण ओळखपत्र, आमच्या टेबलावर नेहमीचेच. पत्र मुद्दाम मराठीत लिहितोय, कारण इथल्या खिडक्यांमागे बसणाऱ्यांनीही ते वाचावं अशी इच्छा आहे.

१५ ऑगस्ट २०२१, अफगाण पंचांगात २४ असद १४००. काबूल पडलं तेव्हा अमेरिकन युनिव्हर्सिटी ऑफ अफगाणिस्तानच्या शैक्षणिक कामाची धुरा तुमच्याकडे होती. दारुलामान रस्त्यावरचं विद्यापीठाचं आवार तालिबानच्या ताब्यात गेलं. याच आवारावर २४ ऑगस्ट २०१६ ला हल्ला होऊन विद्यार्थी आणि शिक्षक मारले गेले होते, आणि मार्च २०१७ मध्ये ते पुन्हा उघडलंही होतं. या वेळी तशी सोय नव्हती. २९ ऑगस्टला काही शे विद्यार्थी आणि त्यांचे नातेवाईक सात तास बसमध्ये बसून होते. विमानतळाचं फाटक काही त्यांच्यासाठी उघडलं नाही. त्यांच्या नावांची यादी फाटकावरच्या तालिबानकडे दिली गेल्याचं विद्यापीठाच्या तेव्हाच्या अध्यक्षांनीच सांगितलं.

ही यादी आमच्या डोक्यातून जात नाही. नाव, वडिलांचं नाव, पासपोर्ट क्रमांक, विषय आणि गुण असलेला विद्यापीठाचा कागद हाच एरवी मुलाच्या शिक्षणाचा एकमेव पुरावा. तोच चुकीच्या हाती पडला तर जिवावर बेततं. जाळला तर मुलगी वाचते, पण तिची तीन वर्षं पुसली जातात. म्हणून अशा वेळी नोंदी देशाबाहेरच्या सर्व्हरवर हव्यात, उघडण्याचे अधिकार दोन-तीन जणांकडेच हवेत, आणि वर्गातल्या हजेरीत नावाऐवजी क्रमांक हवा. सांगायला सोपं आहे. पळापळीच्या आठवड्यात हे सांभाळणं किती कठीण, ते नोंदी ठेवणाऱ्यालाच कळतं.

तुम्ही शांतता आणि संघर्ष यांच्या अभ्यासक. सद्दामनंतरच्या इराकमध्ये अपमानातून हिंसा कशी वाढते यावर तुम्ही लिहिलंय. आमच्या कामात तो अपमान फार छोट्या जागी दिसतो. अर्जात आडनावाचा रकाना सक्तीचा असतो, आणि अनेक अफगाणांना आडनाव नसतंच. मग कुणी वडिलांचं नाव भरतं, कुणी तेच नाव दोनदा लिहितं, आणि चार वर्षांनी पदवीवरचं नाव व्हिसाशी जुळत नाही. तजकिऱ्यावर पुष्कळदा जन्मतारीख नसते, ‘अमुक साली इतक्या वर्षांचा’ एवढंच असतं, म्हणून पासपोर्टवर १ जानेवारी येते. खिडकीवरचा माणूस तारीख बघून मुलाकडे संशयाने बघतो.

तारखांचंही तसंच. अफगाण वर्ष २१ मार्चच्या सुमारास सुरू होतं. सालात ६२१ मिळवले की इसवी सन येतो, हे बरेच जण पाठ करून ठेवतात. पण जदी महिन्याच्या ११ तारखेच्या आसपास जानेवारी लागतो, आणि तिथून पुढे ६२२ मिळवावे लागतात. जदीनंतरच्या दलव महिन्यातलं, १३९९ सालचं प्रमाणपत्र जानेवारी-फेब्रुवारी २०२१ चं. ते २०२० चं धरलं की मधे एक वर्ष रिकामं दिसतं, आणि ‘हे वर्ष कुठे होतास?’ असा प्रश्न येतो.

अशा प्रश्नाला उत्तर द्यायला विद्यापीठ लागतं, आणि म्हणून हे आभार. इमारत गेली तरी निबंधकाच्या अधिकृत ईमेलवरून ‘होय, ही आमची विद्यार्थिनी, हे तिचे गुण’ असं दोन ओळींचं उत्तर आलं, की फाइल पुढे सरकते. ते आलं नाही तर ‘पडताळणी प्रलंबित’ असा शेरा पडतो, आणि त्या शेऱ्याखाली वर्षं निघून जातात. बंद पडलेल्या विद्यापीठाची खरी पदवीसुद्धा या टेबलावर अर्धी होते.

तुम्ही आणि तुमच्या सहकाऱ्यांनी विद्यापीठ बंद पडू दिलं नाही. त्याच शरद सत्रात ऑनलाइन वर्ग सुरू झाले. काही मुलं इराकमध्ये सुलेमानियाला गेली, काही किर्गिझस्तानात बिश्केकला. २०२२ मध्ये दोह्याच्या एज्युकेशन सिटीत शिकवणं सुरू झालं. २० डिसेंबर २०२२ ला तालिबानने मुलींना विद्यापीठबंदी केली, त्यानंतरही मुली घरातून शिकत राहिल्या.

एक विद्यापीठ चार देशांत पसरलं की श्रेयांकांचा (क्रेडिटचा) हिशेब अवघड होतो. १५ आठवडे, आठवड्याला ३ तास, म्हणजे ४५ तासांचे ३ श्रेयांक. आपल्याकडेही १ श्रेयांकाला १५ तास, त्यामुळे गणित जुळतं. पण नुसत्या मार्कशीटवर कुणी श्रेयांक देत नाही. प्रत्येक विषयाचा आराखडा लागतो: तास, पुस्तकं, परीक्षेचं वजन. आणि अर्धवट सुटलेल्या सत्राला ‘अपूर्ण’ असा शेरा मिळतो. मुदतीत कुणी तो पुरा करून घेतला नाही, तर बऱ्याच ठिकाणी त्याचा आपोआप ‘नापास’ होतो. पळून जाताना नापास झालेली मुलगी, असं कागदावर कायमचं राहतं. एका चुकलेल्या मुदतीमुळे.

घरातून शिकवण्यातही बारकावे आहेत. काबूलमध्ये संध्याकाळचे ७ वाजतात तेव्हा दोह्यात ५:३० आणि पुण्यात ८. वीज आणि नेट यांच्या भरवशावर वर्ग ठेवला तर निम्मी मुलं गळतात. तासाचा व्हिडिओ शेकडो एमबी खातो. तोच तास ३२ केबीपीएसने नुसता आवाजात ठेवला तर साधारण १४ एमबी, आणि तो रात्री नेट आल्यावर उतरवून घेता येतो. कॅमेरा सक्तीचा करू नये. घरात कोण बसलंय हे पडद्यावर दिसणं धोक्याचं असतं, आणि ‘कॅमेरा बंद म्हणून गैरहजर’ असा नियम तिथे क्रूर ठरतो.

इथलीही एक गोष्ट सांगायला हवी. २५ ऑगस्ट २०२१ ला भारताबाहेर असलेल्या अफगाणांचे आधीचे व्हिसा रद्द झाले. सुट्टीत घरी गेलेली, इथे प्रवेश असलेली मुलं तिकडेच अडकली. त्यांना आधार देणाऱ्या संस्था थोड्या होत्या. २०२५ च्या सुरुवातीला अमेरिकेची परदेशी मदत थांबली. तुमच्या विद्यापीठाचा मोठा भार त्याच मदतीवर होता. याचा आम्हाला मनापासून त्रास होतो.

तरीही या नोंदी कुठे तरी शाबूत आहेत, आणि त्यांना उत्तर देणारं माणूस आहे. त्यासाठी तुमचे, तुमच्या निबंधक कार्यालयाचे आणि रात्री उशिरा गुण भरणाऱ्या प्रत्येक शिक्षकाचे आम्ही ऋणी आहोत. तुमच्याकडून आलेल्या मुलांच्या अर्जात, आडनाव नसेल तर, आम्ही तो रकाना सक्तीचा न करता रिकामा ठेवू, पासपोर्टवरचं स्पेलिंग जसंच्या तसं लिहू, दलव आणि हूत या महिन्यांतल्या तारखांच्या सालात ६२२ मिळवू, आणि शंका आली तर मुलाला विचारण्याआधी तुम्हाला ईमेल करू.

आपले,
पुण्यातले काही प्रवेश कर्मचारी