रिमा दास यांच्या कामाच्या पद्धतीवर लिहा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

स्वतंत्र सिनेमावाल्यांवर तुमच्या पुरवणीत अधूनमधून येतं ते मी आवर्जून वाचतो. पण असमिया दिग्दर्शिका रिमा दास यांच्याबद्दल कुठेही वाचलं तरी लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, एडिटिंग, निर्मिती सगळं एकटीने केलं, ग्रेट, इथेच लेख संपतो. त्याने सिनेमात फरक काय पडला हे कुणी लिहितच नाही.

त्या आसामातल्या छयगावच्या, ॲक्टिंग करायचं म्हणून मुंबईत आल्या, कुठल्या फिल्म स्कूलला गेल्या नाहीत, शेवटी कॅमेरा स्वतःच हातात घेतला. 2017 चा 'व्हिलेज रॉकस्टार्स' त्यांनी आपल्याच गावात गावातल्याच पोरांना घेऊन काही वर्षं शूट केला. आता विचार करा, पन्नास माणसांचं युनिट रोजाच्या पैशावर उभं असतं तर पूर येईपर्यंत, पोरं शाळेतून सुटेपर्यंत, पाहिजे तसा उजेड पडेपर्यंत कोण थांबलं असतं? प्रोड्यूसरने दुसऱ्याच दिवशी पॅकअप सांगितलं असतं. त्या थांबल्या कारण थांबायला लागत होता तो त्यांचाच वेळ, आणि म्हणूनच ती पोरं झाडावर चढताना, पाण्यात खेळताना कॅमेरा आहे हे विसरलेली दिसतात.

आणि 'एकटीने' म्हणताना मल्लिका दासला विसरू नका! रिमांची नात्यातलीच बहीण, तिने लोकेशन साउंड, म्हणजे शूटिंगच्या जागेवरच आवाज रेकॉर्ड करायचं काम केलं आणि राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. 2018 ला जाहीर झालेल्या त्या पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपट, एडिटिंग, बालकलाकार भनिता दास आणि साउंड असे चार एकाच सिनेमाला, पुढे भारताकडून ऑस्करलाही तोच गेला. असमिया दिग्दर्शक जाह्नू बरुआंच्या सिनेमानंतर तब्बल तीन दशकांनी असमिया सिनेमा देशात पहिला आला होता. तरी आमच्याकडे थिएटरला तो मला कुठे सापडला नाही, याचं वाईट वाटतं.

पुढे 'बुलबुल कॅन सिंग', 'तोराज हजबंड', आणि 2024 ला 'व्हिलेज रॉकस्टार्स 2', त्यात तीच भनिता आता मोठी झालेली. एवढी वर्षं एकाच गावाकडे, एकाच मुलीकडे परत परत जाणं मला पुरस्कारांपेक्षा मोठं वाटतं.

आमच्या सांगली-कोल्हापूरकडे डीएसएलआर घेऊन शॉर्टफिल्म करणारी पोरं भरपूर आहेत, चार दिवसांत पिक्चर उरकतात आणि मग कॅमेरा भारी नव्हता म्हणतात. त्यांच्यासाठी एखाद्या रविवारी पूर्ण पान द्या. शूटिंग कसं आखलं, पैसे कुठून आले, इतक्या फुटेजमधून एडिट कसं केलं, हे रिमा दास यांनाच विचारून छापा.

आपला,
एक वाचक, सांगली