हार्ड डिस्क इथेच राहू द्या

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवार पुरवणीत विदर्भात तयार होणाऱ्या लघुपट-माहितीपटांवरचा लेख वाचला. दिग्दर्शक, कॅमेरामन, कलावंत, सगळ्यांची दखल आहे. संकलकाचा, म्हणजे चित्रित तुकडे कापून-जोडून चित्रपट उभा करणाऱ्या एडिटरचा, मात्र उल्लेखही नाही. घाटंजी तालुक्यात राहून मी हेच काम करतो, म्हणून लिहितो आहे.

गावात युनिट येते, शूटिंग उरकते आणि ते साठवलेली हार्ड डिस्क संकलनासाठी मुंबई-पुण्याला जाते. मग काय होते? एका माहितीपटात शेतकऱ्याला विचारले होते, "यंदा कापूस किती झाला?" त्याने आधी दारात बसलेल्या बायकोकडे पाहिले, हातातल्या बोंडातली सरकी चाचपली आणि म्हणाला, "झाला थोडासा." शहरात जोडलेल्या पहिल्या प्रतीत, म्हणजे पहिल्या कटमध्ये, प्रश्नाला लागूनच उत्तर होते, मधले बायकोकडे पाहणे फालतू समजून कापले होते. काम माझ्याकडे आल्यावर मी ते परत लावले. त्या घरचे अख्खे साल त्या नजरेत होते.

आवाजाचेही तसेच. कापसातून सरकी वेगळी करणाऱ्या जिनिंगजवळच्या मुलाखतीतली नको ती वाक्ये काढली, की मागची घरघर प्रत्येक जोडावर तुटते. म्हणून कुणीही न बोलता त्या जागेचा मिनिटभर आवाज वेगळा रेकॉर्ड करून घ्यावा लागतो. तो खाली अंथरला की सांधा ऐकू येत नाही. सेकंदाला २४ किंवा २५ फ्रेम, म्हणजे सुटी चित्रे, असतात. त्यातल्या चार इकडेतिकडे झाल्या तरी बोलणाऱ्याचा सूर बदलतो.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या रेणू सलुजा यांना 'परिंदा'सह चार चित्रपटांच्या संकलनासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. आमच्याकडच्या कॉलेजातल्या पोरांना हे नाव कुणी सांगत नाही, याचे फार वाईट वाटते.

पोट लग्नाच्या व्हिडिओंवर चालते. माहितीपटात "थोडेच बदल आहेत" म्हणत महिने जातात, पैसे लांबतात, कधी श्रेयनामावलीतून नावही गळते. नव्या मुलामुलींना कळकळीने सांगतो, काम घेण्याआधी लेखी करा: निम्मे पैसे आगाऊ, बदल किती वेळा, नाव कुठे. आणि फुटेजच्या दोन प्रती दोन वेगळ्या घरी ठेवा. लाइन कधी जाईल, डिस्क कधी बसेल, सांगता येत नाही.

फिल्म इन्स्टिट्यूट पुण्याबाहेरही छोटे अभ्यासक्रम घेते. त्यातला संकलनाचा एक यवतमाळला किंवा झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, वडसा इथे घ्यावा, अमरावती आणि गोंडवाना विद्यापीठांनी त्यासाठी जागा द्यावी. इथल्या लघुपट महोत्सवांनी बक्षिसांच्या यादीत संकलन घ्यावे. आणि आपल्या वृत्तपत्राने चित्रपट परीक्षणाच्या चौकटीत दिग्दर्शकाच्या नावाखाली संकलकाचेही नाव छापावे, ही विनंती. एवढे तर येत्या शुक्रवारपासूनही होऊ शकते.

आपला,
एक संकलक, ता. घाटंजी, जि. यवतमाळ