ग्रामस्थ मंडळाच्या जुन्या दप्तराच्या जतनासाठी आवाहन

सर्व ग्रामस्थ, मुंबईकर सभासद, माहेरवाशिणी आणि हितचिंतक यांस सस्नेह नमस्कार.

ना. म. जोशी मार्गावरील बीडीडी चाळीतील ज्या खोलीत आपल्या मंडळाचे दप्तर आजवर राहिले, ती इमारत आता पुनर्विकासासाठी रिकामी करावयाची आहे. खोली मंडळाच्या मालकीची कधीच नव्हती. ती एका सभासद कुटुंबाच्या नावावर आहे आणि त्या कुटुंबाने आपल्या १६० चौरस फुटांतली एक अख्खी भिंत पिढ्यान् पिढ्या एक पैसाही न घेता मंडळाला वापरू दिली. त्यांना ५०० चौरस फुटांचे हक्काचे घर मिळणार याचा आम्हाला आनंदच आहे. सामाईक शौचालयाच्या रांगेत ज्यांची उमेद गेली, त्यांच्यापुढे चाळीचे गोडवे कोणी गाऊ नयेत. परंतु मंडळाच्या दोन लोखंडी ट्रंका आणि एक कपाट त्यांनी भाड्याच्या घरीही वागवावे, असे सांगणे आता रास्त नाही.

या ट्रंकांत काय आहे, हे पुष्कळ तरुण सभासदांना ठाऊक नसेल. संगमेश्वर तालुक्यातून माणसे भाऊच्या धक्क्यावर उतरत आणि लालबाग, परळ, वरळीच्या गिरण्यांत बदली कामगार म्हणून, म्हणजे गैरहजर कामगाराच्या जागी, लागत, त्या काळापासूनच्या सभांच्या वह्या त्यांत आहेत. गावकऱ्यांच्या मुंबईतल्या सामाईक खोलीत पाळीप्रमाणे झोपणाऱ्यांची नावे, खोलीभाड्याचा प्रत्येकाचा वाटा, खानावळीची थकबाकी, देवळाच्या कौलांसाठी आणि शाळेच्या वर्गासाठी पाठवलेल्या पैशांचे हिशेब, नमन-खेळे या कोकणातल्या लोकनाट्याच्या कपड्यांचा खर्च, कोणी वारल्यास गावी तार केल्याची नोंद, असे सगळे त्यांत मिळते. सर्वांत जुन्या वह्या मोडीत आहेत. त्यांच्या कडांना कसर लागली आहे आणि टाचण्यांच्या गंजाने पानांना भोके पडली आहेत. पावतीपुस्तकांची स्थळप्रत निळ्या कार्बनची असल्याने ती दरवर्षी थोडी थोडी पुसट होत चालली आहे.

यांतली एक वही मुद्दाम सांगण्यासारखी आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले, हे सर्वांना माहीत आहे. पण संपाच्या काळात एकेका घराचे काय झाले, हे कोणत्याही सरकारी अहवालात आढळायचे नाही. आपल्या मासिक सभेच्या हजेरीपटात त्या उन्हाळ्यापासून नावांपुढे ‘गावी’ असा शेरा दिसू लागतो. त्यापुढच्या पानांवर एस.टी.च्या भाड्यासाठी दिलेल्या उसनवारीच्या रकमा आहेत, आणि त्याच वर्षी शिमग्याची वर्गणी निम्म्यावर आणल्याचा ठराव आहे. काही नावांपुढचा ‘गावी’ हा शेरा पुढे कधीच बदलला नाही, तर काहींनी परत येऊन मिळेल ते काम धरले आणि वर्गणी पुन्हा सुरू केली. मंडळ त्या पडत्या काळात मोडले कसे नाही, याचे उत्तर आमच्या मते या हिशेबांत आहे: कोणाकडून किती मागायचे आणि कोणाकडून अजिबात मागायचे नाही, हे त्या वेळच्या खजिनदारांना नेमके कळत होते.

या दप्तरात एक मोठी उणीव आहे, तीही येथे स्पष्ट मांडली पाहिजे. सभेला बायका नसत, त्यामुळे वह्यांतही त्या नाहीत. खानावळी चालवून चाळीतल्या एकट्या पुरुषांना जेवू घालणाऱ्या, गिरणीत कामाला असलेल्या, आणि गावाकडे मनीऑर्डरीची वाट बघत शेती, गुरे व सासू-सासरे एकटीने सांभाळणाऱ्या स्त्रियांवाचून हा इतिहास अर्धाच राहतो. त्यांच्यापैकी ज्या आज हयात आहेत त्यांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करणे हे काम वह्यांच्या जतनाइतकेच, किंबहुना त्याहूनही निकडीचे आहे, कारण वह्या अजून काही वर्षे टिकतील.

कार्यकारिणीने ठरवले आहे ते असे. प्रत्येक वहीचे पान न दाबता वरून छायाचित्रण करून घ्यावे, मूळ वह्या आम्लविरहित कागदाच्या पेट्यांत घालून गावच्या शाळेतील कोरड्या खोलीत पोलादी कपाटात ठेवाव्यात, आणि प्रतींचा एक संच मुंबईत व एक गावी असावा. उसनवारीची पाने मात्र सर्वांसाठी खुली केली जाणार नाहीत. कोणाच्या आजोबांकडे किती बाकी राहिली, हे उकरून काढून वाडी-वाडीत नवे वाद लावण्याचा मंडळाचा मुळीच मानस नाही.

यासाठी प्रत्येक कुटुंबाने किमान ५०० रुपये द्यावेत, आणि ज्यांना शक्य आहे त्यांनी एका वहीचा संपूर्ण खर्च उचलावा, ही विनंती. देणगी मंडळाच्या बँक खात्यात धनादेशाने किंवा ऑनलाइन जमा करावी, अथवा आपल्या वाडीप्रमुखांकडे रोख देऊन पावती घ्यावी. देणगीवर प्राप्तिकराची सवलत मिळणार नाही, हे आधीच सांगितलेले बरे.

पैशांइतकीच माणसांची गरज आहे. मोडी वाचता येणारे कोणी आपल्या ओळखीत असल्यास अवश्य कळवावे. विरार, नालासोपारा, डोंबिवली, बदलापूर येथे पांगलेल्या आपल्या मुलामुलींपैकी ज्यांना रविवारी दोन-तीन तास देता येतील, त्यांनी वह्यांची यादी करण्यास आणि घरोघरी जाऊन ज्येष्ठांशी बोलण्यास पुढे यावे. घरात जुने फोटो, गिरणीचे बदली कार्ड, पगाराची पाकिटे, नमनाच्या पथकाची चित्रे असल्यास ती आम्ही छायाचित्र घेऊन लगेच परत करू. फोटोतील माणसांची नावे मागे पेन्सिलीने लिहून ठेवावीत आणि असे कागद कृपया लॅमिनेट करू नयेत किंवा त्यांना चिकटपट्टी लावू नये.

जमा-खर्चाचा तपशील शिमग्यानंतरच्या सर्वसाधारण सभेत वाचून दाखवला जाईल. ती सभा गावी, देवळाच्या सभामंडपात होईल आणि यंदा माहेरवाशिणींनाही तिचे रीतसर निमंत्रण आहे.

आपले,
कार्यकारिणी, ग्रामस्थ मंडळ (मुंबई)