साठचा बल्ब

चि. मनू हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पुस्तक पोचून तीन आठवडे झाले. टेनेसी विल्यम्सचं ‘द ग्लास मिनॅजरी’ हे नाटक दोनदा वाचलं. पहिल्यांदा डिक्शनरी घेऊन, रोज दुपारी ओटीवर बसून. दुसऱ्यांदा डिक्शनरी बाजूला ठेवून. त्याच्या प्रकाशयोजनेसाठी फोनवर तू दोन गोष्टी विचारल्या होत्यास. आठवणीतला प्रकाश रंगमंचावर किती मंद ठेवायचा, आणि घर सोडून बोटीवर गेलेल्या माणसाला मागचं घर कसं दिसतं. मी तेव्हा ‘सांगतो’ म्हणून विषय टाळला. हे फोनवर बोलण्यासारखं नव्हतं, म्हणून लिहितो आहे.

आधी प्रकाशाचं सांगतो, त्यातलं मला थोडं कळतं. रात्री बोटीच्या ब्रिजवर, म्हणजे जिथून बोट चालवतात तिथे, दिवा नसतो. आमच्या वेळी चार्टच्या, म्हणजे समुद्राच्या नकाशाच्या, टेबलाभोवती काळा पडदा आणि त्याच्या आत एक बारीकसा दिवा, एवढंच असायचं. बारा ते चारच्या वॉचला, म्हणजे पहाऱ्याला, जाणारा माणूस दहा-पंधरा मिनिटं आधीच वर जातो आणि नुसता उभा राहतो. केबिनच्या उजेडातून आलेल्या डोळ्यांना आधी काही म्हणजे काही दिसत नाही. मग खिडकीची चौकट दिसते, मग पुढची डोलकाठी, मग पाणी आणि आभाळ यांच्यामधली रेघ. डोळे बसले असं नव्या माणसाने सांगितल्याशिवाय जुना माणूस खाली जात नाही. तुझ्या नाटकात सुरुवातीला टॉम, गोष्ट सांगणारा मुलगा, खलाशाच्या कपड्यांत येऊन फायर एस्केपपाशी, बाहेरच्या लोखंडी जिन्यापाशी, उभा राहतो आणि सांगतो की ही आठवण आहे, म्हणून इथे उजेड कमी आहे. त्या वेळी घाई करू नकोस. बघणाऱ्याचे डोळे बसू देत.

टेनेसी विल्यम्सने प्रकाशाबद्दल लिहिलेलं टिपण मी तीनदा वाचलं. एल ग्रेको या जुन्या चित्रकाराच्या धार्मिक चित्रांतल्यासारखा प्रकाश हवा, असं तो म्हणतो. त्याहून मोलाचं मला दुसरंच वाटलं. आई आणि मुलगा कडाडून भांडत असतात, आणि उजेड मात्र गप्प बसलेल्या बहिणीवर, लॉरावर, ठेवायला तो सांगतो. ज्याला हे सुचलं त्याच्या घरात अशी भांडणं झाली असणार आणि कोपऱ्यात कुणीतरी गप्प बसलेलं त्याने पाहिलं असणार. १९४५ साली न्यूयॉर्कला हे नाटक आलं तेव्हा नेपथ्य आणि प्रकाश दोन्ही जो मिलझायनरने केलं होतं, हे तूच सांगितलंस. एकाच माणसाच्या हातात दोन्ही होतं, हे मला फार बरोबर वाटलं.

आता टॉमबद्दल. तो बुटांच्या गोदामात काम करतो, रात्री सिनेमाला जातो, आणि घरात कुणाला न सांगता लाईटच्या बिलाचे पैसे खलाशांच्या युनियनमध्ये भरून मोकळा होतो. म्हणून ऐन पाहुणा घरी आला असताना अंधार होतो. हे वाचताना मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. १९८४ साली सीडीसी, म्हणजे खलाशाचं नोंदपुस्तक, हातात आलं, मुंबईतल्या एका एजंटाला पैसे द्यायचे होते, आणि ते अक्काच्या लग्नासाठी पोस्टात ठेवलेल्या पैशांतून दिले. हे तुला आजवर सांगितलं नव्हतं. पुढे अलॉटमेंट सुरू झाली, म्हणजे पगारातून दर महिन्याला परस्पर घरी पैसे येऊ लागले, पोस्टातलेही सगळे परत भरले. पण अक्काचं लग्न मात्र झालं नाही. दोन्हींचा संबंध आहे की नाही, हे मी तिला कधी विचारलं नाही.

भिंतीवरच्या बापाच्या फोटोबद्दलही तू विचारलं होतंस. तो टेलिफोन कंपनीतला माणूस, बायकामुलांना टाकून गेलेला. मेक्सिकोतल्या मझातलान बंदरावरून एक कार्ड पाठवतो, त्यावर दोनच शब्द आणि पत्ता नाही. अख्ख्या नाटकात तो रंगमंचावर येत नाही, फोटो तेवढा मधूनमधून उजळतो. मनू, तू तीन वर्षांची असताना मी दहा महिन्यांनी घरी आलो, तर तू मला बघून आईच्या मागे लपलीस आणि भिंतीवरच्या फोटोकडे बोट दाखवून म्हणालीस, ‘बाबा तिकडे.’ मी प्रत्येक बंदरातून कार्ड पाठवत होतो, पत्ता लिहून, पान भरून. तरीही तुझा बाबा तिकडेच होता. तो फोटो उजळशील तेव्हा झटकन उजळू नकोस, एवढीच विनंती.

पण मला खरं बोलायचं आहे ते लॉराबद्दल.

सगळे तिला काचेची समजतात. आई समजते, भाऊ समजतो, आणि नाटकाचं नावही तिच्या काचेच्या प्राण्यांवरून आहे. पण तू मागच्या रविवारी फॉरेस्ट पार्कातल्या ज्युएल बॉक्सचा, त्या झाडाफुलांच्या काचेच्या घराचा, फोटो पाठवलास, त्यावरून मी तो भाग पुन्हा काढून वाचला. टायपिंगच्या क्लासला जाते असं सांगून ती मुलगी कितीतरी आठवडे सकाळी साडेसातला घराबाहेर पडते आणि संध्याकाळी पाच वाजून गेल्यावर परतते. तुझ्या सेंट लुईसच्या हिवाळ्यात, लंगडत्या पायाने, साध्या कोटात. म्युझियम बघते, प्राणिसंग्रहालयात पेंग्विन बघते, दुपारचं जेवण सोडून सिनेमाला जाते, आणि अलीकडे बहुतेक दुपारी त्या काचेच्या मोठ्या घरात जाऊन उष्ण देशांतली फुलं बघत बसते. आईने पकडेपर्यंत घरात कुणाला पत्ता नाही. जगाला भिऊन ती क्लासमधून पळाली हे खरं, पण पळाली ती घरात नाही, शहरात पळाली. टॉम घरातून निघून जातो ते सगळ्यांच्या लक्षात राहतं. ती रोज जात होती आणि रोज परत येत होती, हे कुणाच्या लक्षात राहत नाही. तुझी तिथली थंडी मी फोनवर तुझ्या आवाजात ऐकतो, म्हणून हे मला जास्तच लागलं.

आणि आता तो मेणबत्त्यांचा प्रवेश. लाईट गेलेली, घरी आलेला तो पाहुणा, जिम, मेणबत्त्या घेऊन लॉराजवळ जमिनीवर बसतो, दोघं बोलतात, नाचतात, टेबलाला धक्का लागून काचेचा युनिकॉर्न पडतो आणि त्याचं शिंग मोडतं. ती रडत नाही. शिंग काढून टाकलं असं समजू, म्हणते, आता तो बाकीच्या घोड्यांसारखा झाला. पुढे जिमचं लग्न ठरलेलं आहे हे कळल्यावर तोच मोडका युनिकॉर्न ती त्याच्या हातात ठेवते आणि त्याची बोटं आपल्या हाताने मिटते. या सगळ्या वेळात टॉम कुठे असतो? बिल भरलं नाही म्हणून आईने शिक्षा दिलेली असते, आणि तो आत तिच्याबरोबर भांडी घासत असतो. सगळं नाटक टॉमची आठवण आहे. पण त्यातला सगळ्यात हळुवार भाग त्याने पाहिलेलाच नाही!

ते लक्षात आलं आणि मला रात्री झोप लागली नाही.

विल्यम्सची बहीण रोझ. १९३७ पासून ती फार्मिंग्टनच्या सरकारी इस्पितळात होती. जानेवारी १९४३ मध्ये तिच्या मेंदूवर शस्त्रक्रिया झाली आणि त्यानंतर ती पहिल्यासारखी कधीच झाली नाही. तो तेव्हा तिथे नव्हता, त्याला आईच्या पत्रातून कळलं. पुढच्याच वर्षाच्या अखेरीस, २६ डिसेंबर १९४४ ला, शिकागोत या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. नाटक गाजलं, तेव्हा त्याने उत्पन्नातला अर्धा वाटा आईच्या नावावर करून दिला, आणि रोझला पुढे चांगल्या ठिकाणी ठेवून आयुष्यभर सांभाळलं. तो १९८३ साली गेला, ती १९९६ पर्यंत जगली. दोघांच्या कबरी तुझ्याच शहरात कॅल्व्हरी स्मशानभूमीत आहेत. जमलं तर एकदा जाऊन ये आणि रोझच्या कबरीवर फुलं ठेव, माझ्यातर्फे.

आजी १९९१ साली गेली, ते तुला माहीत आहे. मी कॅनडाहून कोळसा भरून जपानकडे निघालेल्या बोटीवर होतो. तार रेडिओ ऑफिसरकडे आली ती दोन दिवसांनी. त्याने मला आत बोलावलं, खुर्चीवर बसवलं आणि कागद हातात दिला. बंदर यायला नऊ दिवस होते. त्या रात्री चीफ ऑफिसर म्हणाला, वॉचला येऊ नकोस. मी गेलो. दुसरं काय करणार होतो? बारा ते चार ब्रिजच्या विंगवर उभा राहिलो, समोर पॅसिफिक, आणि मागे चार्टच्या पडद्याच्या फटीतून येणारी दिव्याची एक रेघ.

पण आजीची शेवटची रात्र मला स्वच्छ आठवते. माजघरात अंथरूण, उशाशी कंदील, आणि अक्का भिंतीला टेकून बसलेली, तिच्या अर्ध्याच चेहऱ्यावर उजेड. बाहेर पाऊस. हे मी तुझ्या आईला सांगितलं आहे, तुलाही एकदा सांगितलं होतं. तू तेव्हा रडलीस.

गेल्या गणपतीत अक्का विळीवर खोबरं खवत होती. मी बोलता बोलता तिला म्हणालो, ‘त्या रात्री कंदिलाच्या उजेडात तू एकटी बसलेलीस.’ तिचा हात थांबला.

‘कसला कंदील? लाईट होती की!’

मी म्हणालो, ‘पावसात गेली असेल.’

‘गेली नव्हती. आईलाच काळोख नको होता. म्हणाली, सगळे दिवे लाव. मी सगळे लावले. माजघर, ओटी, पडवी, न्हाणीघरातलासुद्धा. शेजारचे येऊन विचारून गेले, आज काय आहे म्हणून. आणि एकटी कुठली? वाडीतल्या चौघी होत्या. एक तर गात होती.’ एवढं बोलून ती पुन्हा खोबरं खवू लागली.

घर उजेडाने भरलं होतं, मनू. माणसं होती, गाणं होतं. अक्काने ते सगळं केलं होतं. चौतीस वर्षं मी तिला कंदिलाच्या अर्ध्या उजेडात एकटी बसवून ठेवलं होतं. कंदील कुठून आला, त्याचा मी बरेच दिवस विचार केला. तो ब्रिजवरचा, काळ्या पडद्याआडचा दिवा होता. माझ्याजवळ त्या रात्री तेवढाच होता, तो मी आजीच्या उशाशी नेऊन ठेवला.

म्हणून तुझ्या पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर असं. टॉम जे सांगतो ते मंदच ठेव. मेणबत्त्यांचा प्रवेश तर हवा तेवढा सुंदर कर, खऱ्या मेणबत्तीचा पडतो त्याहून सुंदर, कारण टॉमने तो मनाने रचला आहे. शेवटी तो बाहेर उभा राहून बोलतो आणि आत आई लॉराला समजावते, आपल्याला तिचा आवाज ऐकू येत नाही, आणि लॉरा मान वर करून आईकडे बघून हसते. तिथेही अंधार राहू दे, पण ते हसू दिसेल एवढा उजेड असू दे. ते हसू चुकवलंस तर अख्खं नाटक टॉमच्या दुःखाचं होऊन बसेल.

आणि तुमच्या दिग्दर्शकांना पटलं तर आणखी एक कर. दुसऱ्या प्रवेशाच्या सुरुवातीला लॉरा एकटीच बसून आपले काचेचे प्राणी धुऊन पुसत असते. आई अजून आलेली नाही, टॉम घरात नाही. तिला बघणारं कुणीच नाही. तेवढ्या वेळापुरता, आई जिन्यात येईपर्यंत, आठवणीचा प्रकाश काढून टाक. साधा घरातला दिवा लाव, सगळीकडे सारखा पडणारा. तिला तिच्या घरात बसू दे. मग आईची पावलं वाजली की तुझा तो मंद प्रकाश आण.

हे लिहून झाल्यावर अक्काला फोन केला. विचारलं, माजघरात तेव्हा बल्ब कसला होता? तिला प्रश्नाचं काही नवल वाटलं नाही.

‘साठचा,’ ती म्हणाली. ‘पिवळा. ओटीवरचा तेवढा शंभरचा होता.’

तुझा,
बाबा