बिनसावलीचा सण परत चालू झाला बे

नागपूर, 27 मे

प्रिय बाळ्या,

दीड वर्ष पत्र नाही, फोनवर पण "हो हो, बोलतो नंतर". शिव्या नंतर दे, आधी वाच. तब्येत ठीक, आईचे गुडघे तसेच, माझी शुगर बॉर्डरवर. झालं.

काल उन्हाण्याचा, आपण लहानपणी वहीत रचलेल्या राज्याचा, सण झाला. खरोखर झाला. आमच्या गच्चीवर, अकरा पोरं, डोक्याला दुपट्टे, प्रत्येकाच्या खिशात कांदा (आईची अट, नवतपा लागून दोन दिवस झालेत, म्हणे कांद्याशिवाय वर पाय ठेवायचा नाही). माझ्या लेकीने, चिऊने, ती वही वाचली ना. तीच, दोनशेपानी, कव्हरवर गोंदाचे डाग.

आता तू म्हणशील वही तर रद्दीत गेली होती. तेच सांगून राहिलो, दम धर.

मधोमध पाइपचा तुकडा उभा केला, खाली ओलं पोतं, आणि गेरूने खुणा. चिऊने आठ दिवस रोज दुपारी सावलीचं टोक आखलं होतं. तिला कुठून तरी कळलं की नागपुरात 26 मे ला दुपारी 12 वाजून 10 मिनिटांच्या सुमारास सूर्य बरोबर डोक्यावर येतो, आपण 21 अंशांवर ना. तुझ्या दिल्लीला हे भाग्य नाही, साडेतेवीसच्या वर राहणाऱ्यांच्या पायाखाली सावली कधी येतच नाही, तरी म्हटलं तू असा का झालास. तर पाइपची सावली आखडत आखडत बोटाएवढी झाली, मग पाइपच्या बुडाशी नुसती काळी रेघ, आणि मग ती पण गेली. पोरं एकदम चूप. शेजारच्या कूलरचा पंप तेवढा घरघरत होता. मग सगळी ओरडली, "घेऊन जा गे सावली!" मारबतीच्या मिरवणुकीची आरोळी आपण ढापली होती, आठवतं? महाल भागातल्या वाड्याच्या खिडकीत लटकून ऐकायचो.

आणि मग चुकलेलं माप सांगायचं. वहीतल्या मापाईने, सावली मोजणाऱ्या बाईने, पहिल्या वर्षी चुकीचा दिवस सांगितला, अख्खा उन्हाणा दारं उघडून बाहेर आला आणि सावल्या होत्या तिथेच, तेव्हा ती चौकात उभी राहून म्हणाली, माझं माप चुकलं. सण तिच्या शोधाचा नाही, त्या वाक्याचा आहे. हे तुझं होतं बाळ्या. 1995 च्या ग्रहणाला, ऐन दिवाळीत, आपल्याकडे खंडग्रासच होतं तरी दोघांच्या आयांनी कोंडून ठेवलं, दूरदर्शनवर ग्रहण चालू आणि खिडक्यांना चादरी, तेव्हा तू चिडून बसल्या बैठकीत अकरा पानं लिहिलीस. सावली गेली की पूर्वज गेले असं समजून घरात रडत बसणारी माणसं, आणि बाहेर काठी रोवून बसलेली एकटी बाई. मी फक्त नकाशा काढला आणि राजाला मिशा.

चिऊ म्हणते शाळेत 28 फेब्रुवारीला रामनच्या फोटोला हार घालतात, भाषण, चित्रकला स्पर्धा, पण स्वतःची चूक कोणीच सांगत नाही, आपला सण भारी आहे. आपला.

तर पोरांनी मापं सांगितली. एक म्हणाला उंची मोजताना टाचा उचलल्या. माझी पाळी आली तर मी म्हटलं, शुगर तपासायच्या आदल्या दिवसांत गोड सोडलं होतं. सगळे हसले. सुटलो असं वाटलं.

रात्री चिऊ वही घेऊन आली. "बाबा, हे अक्षर तुझं नाही. तुझा 'क' असा पोटफुगा नसतो." आणि मी म्हटलो, माझंच आहे, लहानपणचं. बिनसावलीच्या दिवशी, बे! उन्हाण्यात यासाठी काय शिक्षा होती ते तूच लिहिलंस.

तर माझं चुकलेलं माप हे. वाडा विकला तेव्हा रद्दीवाल्याने वही नेली हे खोटं होतं. तू हॉस्टेलला जाताना ती मागितलीस, मला देवली नाही, बस. तू दोन महिने बोलला नाहीस आणि मी सगळ्यांना सांगत फिरलो की बाळ्या एका वहीसाठी रुसला.

अजून एक. पान 31 वर तू मापाईला कोठडीत मारलं होतंस, मी स्केचपेनने खोडून तिला सोडवलं, त्यावरून आपली मारामारी झाली, तुझं कोपर अजून दुखतं असं तू उगाच सांगत असतोस. चिऊने पान ट्यूबलाइटसमोर धरलं आणि खालचं वाचलं. आता विचारते, खरं कुठलं? मी काय सांगू? मला तर इतक्या वर्षांनी तुझंच बरोबर वाटून राहिलं.

वहिनींच्या बदलीचं काय झालं? पोराची दहावी ना यंदा? फ्लॅटचं पझेशन मिळालं का? लिही.

17 जुलैच्या आसपास सूर्य परत डोक्यावर येतो, 12 वाजून 20 ला वगैरे. ढग असणारच, सावली दिसायची पण नाही, तरी चिऊने दुसरा सण जाहीर केलाय आणि "ज्याचा क पोटफुगा आहे" त्याला बोलवायचं म्हणते, म्हणजे तिने माझं खोटं तेव्हाच ओळखलं होतं. ये. तर्री पोहे माझ्याकडून. वही तुझी, घेऊन जा, पण पान 31 फाडणार नाही असं आधी लिहून पाठव, सहीसकट.

तुझाच,
पप्या