रेकीच्या गाडीत साउंडवालाही हवा

महोदय,

निकालानंतरच्या करिअर पुरवण्यांत ‘साउंड इंजिनीअर’ म्हटले की स्टुडिओतल्या मिक्सरचाच फोटो छापला जातो. पडद्यावर ऐकू येणाऱ्या संवादांचे नशीब बऱ्याचदा सेटवरच ठरते, हे निदान ठाण्याच्या मुलांना कळायला हवे. कितीतरी मराठी मालिकांचे सेट घोडबंदर रोडलाच आहेत. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट-प्रशिक्षण संस्थेत ध्वनीचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहेच; पण सेटवरची सुरुवात सहसा बूम (लांब दांड्याला लावलेला माइक) धरण्यापासून होते. माइक फ्रेमच्या जेमतेम वर, नटापासून दोन-अडीच फुटांवर. सावली पडता कामा नये. संवाद पाठ हवेत, कारण पुढचा बोलायच्या आत माइक त्याच्याकडे वळलेला असावा लागतो. दांड्यावर बोटे सरकली तरी ती खरखर टेकमध्ये उतरते.

लेपल, म्हणजे नटाच्या कपड्यात लपवायचा छोटा माइक, लावणे हे तर हातचे कसब. खळ दिलेली सुती साडी आणि मंगळसूत्र, दोन्ही घात करतात. माइक हनुवटीच्या वीतभर खाली, कपड्याच्या आतून लावावा. दोन्ही बाजूंनी चिकटपट्टी लावली की कापड आणि माइक एकत्र हलतात, घासत नाहीत. वायरीला टेपखाली छोटे वेटोळे द्यावे, म्हणजे खालून बसलेली ओढ माइकपर्यंत पोहोचत नाही. आपल्या दमट हवेत घाम माइकच्या तोंडाशी साचतो आणि ‘स’, ‘श’ बोथट येतात; म्हणून दर ब्रेकला टेप बदलावी. लेपलचा आवाज बिनतारी पाठवणाऱ्या ट्रान्समीटरचे सेल संपायची वाट न पाहता जेवणाच्या सुट्टीतच बदलावेत.

रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिटवर. संवादाची शिखरे उणे 12 डेसिबलच्या, म्हणजे रेकॉर्डरच्या कमाल पातळीच्या 12 डेसिबल खाली, आसपास. फार मोठा आवाजही न फाटता नोंदवणाऱ्या 32 बिट फ्लोट रेकॉर्डिंगवर भिस्त ठेवू नये. आवाज माइकमध्येच फाटला असेल, तर रेकॉर्डर तो सांधू शकत नाही.

खरे दुखणे रेकीचे, म्हणजे शूटिंगआधी जागा पाहून येण्याचे आहे. दिग्दर्शक आणि कॅमेरामन रविवारी सकाळी फ्लॅट पाहून येतात, शूटिंग लागते मंगळवारी दुपारी आणि खाली रस्त्यावर कंटेनरची रांग! फ्रिज बंद करता येतो (गाडीची किल्ली त्यातच ठेवावी, म्हणजे निघताना तो चालू करायचा राहत नाही). रस्त्याला बटण नसते. 80 हर्ट्झखालचा भाग कापला तर ट्रकची घरघर कमी होते, पण हॉर्न संवादाच्याच पट्टीत वाजतो. तो कापायला जावे तर शब्दही सोलले जातात. मग सगळा सीन डबिंगला जातो आणि सेटवर लागलेला नटाचा सूर स्टुडिओत तसाच लागेल याची खात्री नसते.

त्यामुळे निर्मात्यांना दोन विनंत्या आहेत. रेकीला साउंड रेकॉर्डिस्ट न्या, तेही शूटिंगच्याच वारी आणि त्याच वेळेला. आणि प्रत्येक जागी लाइट व माणसे हलवण्याआधी एक मिनिट रूम टोन (कुणी न बोलता त्या जागेचा आवाज) रेकॉर्ड करू द्या. संवादामधली कुजबुज एडिटरने कापली की तिथे आवाजाचे भोक पडते. ते बुजवायला त्याच खोलीची शांतता लागते.

— एक साउंड रेकॉर्डिस्ट, ठाणे (प.)