अंतराळ स्थानकात फिरतं चाक हवं. नुसत्या व्यायामावर भागणार नाही

प्रति,
मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीत भारतीय अंतराळ स्थानकावरचा लेख वाचला. लेख चांगला आहे, पण माणसाच्या शरीराच्या वाट्याला त्यात दोनच ओळी आल्या आहेत. अंतराळवीर रोज व्यायाम आणि योगासनं करतील, त्यामुळे हाडा-स्नायूंची चिंता उरणार नाही, असा त्यांचा आशय. या दोन ओळींसाठीच हे पत्र लिहिते आहे.

मी अंबाजोगाईत फिजिओथेरपिस्ट आहे. खुब्याचं हाड मोडून खाटेला खिळलेली माणसं पुन्हा उभी करणं हे माझं रोजचं काम. व्यायामावर माझं पोट आहे आणि विश्वासही. त्याने काय होतं हे जसं मला ठाऊक आहे, तसंच काय होत नाही हेही ठाऊक आहे.

हाड म्हणजे वाळलेलं लाकूड नव्हे. ते रोज झिजतं आणि रोज भरून निघतं, आणि कुठे किती भरायचं हे त्यावर पडणाऱ्या भारावरून ठरतं. युलियस वोल्फ या जर्मन शल्यविशारदाने १८९२ मध्ये हा नियम मांडला. आजही आम्ही तोच शिकतो. भार गेला की शरीर ते हाड मोडीत काढायला लागतं. खाटेवरच्या माणसाची मांडी पहिल्या दोन-तीन आठवड्यांतच हाताला ढिली लागते. केजकडच्या एक आजी पहिल्यांदा वॉकर धरून उभ्या राहिल्या तेव्हा म्हणाल्या, "म्याडम, पाय माजा हाय का दुसऱ्याचा तेच कळंना." स्नायू आक्रसतात, तोल जातो, उभं राहिलं की रक्त पायात उतरून डोळ्यांपुढे अंधारी येते. अंतराळातून परतणाऱ्या माणसाची तक्रार वेगळी नसते. म्हणूनच तर शास्त्रज्ञ वजनरहित अवस्थेचा अभ्यास जमिनीवर करायचा झाला तर धडधाकट माणसांना डोक्याकडची बाजू सहा अंशांनी खाली केलेल्या खाटेवर साठ-साठ दिवस झोपवून ठेवतात.

कक्षेत खुब्याच्या हाडातलं खनिज महिन्याला साधारण एक ते दीड टक्का घटतं. पाळी गेलेल्या बाईचं वर्षभरात जेवढं जातं, जवळपास तेवढं तिथे एका महिन्यात. ही झीज रोखायला आंतरराष्ट्रीय स्थानकावर रोज दोन तासांच्या आसपास वेळ व्यायामाला राखलेला असतो. ट्रेडमिल आहे, सायकल आहे, वजन उचलल्यासारखा ताण देणारं यंत्र आहे. त्याने पूर्वीपेक्षा पुष्कळ फरक पडला. काही अंतराळवीरांना व्यायामाच्या जोडीला ॲलेन्ड्रोनेटची गोळी दिली, तर झीज आणखी कमी झाली. आमच्याकडच्या ठिसूळ हाडांच्या म्हाताऱ्या आठवड्यातून एकदा घेतात, तीच ही गोळी. पण दोन तास भार आणि उरलेले बावीस तास काहीच नाही, हा हिशेब शरीर विसरत नाही. हाडातून सुटलेलं कॅल्शियम लघवीत जातं आणि मुतखड्याचा धोका वाढतो. शिवाय अंगातलं पाणी डोक्याकडे सरकतं. कित्येकांच्या डोळ्यांत दृष्टिचेतेच्या, म्हणजे डोळ्याकडून मेंदूकडे जाणाऱ्या नसेच्या, मुळाशी सूज येते आणि जवळचं वाचायला त्रास होतो. त्याला कुठली बैठक घालणार? राकेश शर्मांनी १९८४ मध्ये सॅल्यूत-७ या सोव्हिएत स्थानकावर योगासनं केली, त्याचा मला आजही अभिमान वाटतो. पण त्यांचा मुक्काम आठवडाभराचा होता.

मार्च २०२५ मध्ये सुनीता विल्यम्स २८६ दिवसांनी परतल्या आणि त्यांना स्ट्रेचरवरून नेताना सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलं. दवाखान्यात किती जणांनी मला त्याबद्दल विचारलं! स्ट्रेचर ही परतणाऱ्यांसाठीची नेहमीची खबरदारी असते, घाबरण्याचं कारण नाही, असं मी प्रत्येकाला सांगितलं. पण मनात दुसराच विचार होता. इथे उचलायला माणसं होती, डॉक्टर होते. मंगळावर जायला सहा ते नऊ महिने लागतात. तिथे उतरल्यावर यानाचं दार उघडून आत हात घालणारं कोण असेल? ज्यांनी उतरताक्षणी काम सुरू करायचं, त्यांचेच पाय वाटेत गेलेले असतील.

म्हणून वाटेतच वजन निर्माण करायचं, आणि ते करता येतं. माळेगावच्या खंडोबाच्या जत्रेत मौत का कुआँ ज्यांनी पाहिला आहे, त्यांना वेगळं समजवायला नको. गोल फिरणारा मोटारसायकलवाला उभ्या भिंतीला दाबून बसतो, कारण भिंत त्याला सतत केंद्राकडे ढकलत असते. तो रेटा तळपायाला लागला की शरीर त्यालाच वजन समजतं. यान फिरवलं तर त्याची बाहेरची भिंत ही जमीन होते.

अडचण आकड्यांची आहे. मिनिटाला दोन फेऱ्यांत पृथ्वीइतकं वजन हवं असेल तर त्रिज्या सुमारे २२४ मीटर लागते. चार फेऱ्या केल्या तर ५६ मीटर पुरतात. आंतरराष्ट्रीय स्थानक या टोकापासून त्या टोकापर्यंत १०९ मीटर आहे, त्यावरून अंदाज यावा. मग अजून जोरात का फिरवत नाहीत? कारण कान. आतल्या कानातल्या नलिकांना फिरणं कळतं. फिरत्या खोलीत मान वळवली की मेंदूला भलत्याच दिशेने कलंडल्यासारखं वाटतं आणि उलटी येते. अमेरिकी नौदलाने फ्लोरिडातल्या पेन्साकोलाला १९६० च्या दशकात अख्खी खोली फिरवून त्यात माणसं राहायला ठेवली होती. मिनिटाला तीन फेऱ्यांपर्यंत बहुतेकांचं निभावलं. दहा फेऱ्यांना माणसं हैराण झाली, पण वेग हळूहळू वाढवला तर कान बराच सरावतो हेही दिसलं. चक्कर येणाऱ्या रुग्णांना आम्ही मानेचे आणि नजरेचे व्यायाम टप्प्याटप्प्याने देतो, त्यामागे हेच तत्त्व आहे.

ही कल्पना नवी नाही. रशियन शास्त्रज्ञ त्सिओलकोव्स्कींनी मांडली, अभियंता पोतोचनिक यांनी १९२९ च्या पुस्तकात चाकासारखं स्थानक रेखाटलं, रॉकेटतज्ज्ञ फॉन ब्राउन यांनी १९५२ मध्ये तीच कल्पना घराघरांत नेली. सप्टेंबर १९६६ मध्ये अमेरिकेचं जेमिनी-११ यान आणि माणूस नसलेलं एजेना रॉकेट तीस मीटरच्या पट्ट्याने बांधून एकमेकांभोवती फिरवलं. गुरुत्व निर्माण झालं, पण जेमतेम नावापुरतं. माणसं बसलेलं अख्खं यान फिरवण्याचा याहून पुढचा प्रयोग अजून झालेला नाही. मला सगळ्यात जास्त हळहळ वाटते ती याच्या पुढच्या गोष्टीची. आंतरराष्ट्रीय स्थानकासाठी जपानने अडीच मीटरच्या सेंट्रिफ्यूजचा, म्हणजे गरगर फिरून वजन निर्माण करणाऱ्या यंत्राचा, एक स्वतंत्र कक्ष बनवायला घेतला होता. उंदीर आणि रोपं कमी-जास्त गुरुत्वात वाढवून बघायची होती. २००५ मध्ये तो रद्द झाला, आणि आज तो जपानमध्येच सुकुबाला प्रदर्शनात ठेवलेला आहे. स्थानक उभं राहिल्यावर त्यात एवढं मोठं चाक बसवणं पुन्हा कुणाला जमलं नाही.

जपानने मग स्थानकावरच्या आपल्या किबो प्रयोगशाळेत छोटं फिरतं यंत्र बसवलं. २०१६ मध्ये काही उंदीर पस्तीस दिवस वजनरहित ठेवले, काही तिथेच फिरत्या पेटीत पृथ्वीइतक्या वजनात. फिरत्या पेटीतल्यांची हाडं आणि स्नायू टिकले, बाकीच्यांचे झिजले. पुढे चंद्राइतकं, म्हणजे एक षष्ठांश गुरुत्व देऊन पाहिलं, तेव्हा पोटरीचा स्नायू आक्रसला नाही, पण त्याच्या तंतूंची जात बदललीच. म्हणजे औषध लागू पडतं. किती मात्रा पुरेल, हा प्रश्न शिल्लक आहे. शून्य गुरुत्वाचं आपल्याला ठाऊक आहे, पृथ्वीच्या पूर्ण एकाचंही. मंगळाचं गुरुत्व पृथ्वीच्या ०.३८ पट, ते माणसाच्या हाडाला पुरतं का, हे कुणालाच माहीत नाही. चंद्रावर माणूस राहिला तोही फार तर तीन दिवस. जर्मनीत कोलोनला २०१९ मध्ये साठ दिवस झोपून असलेल्यांना रोज अर्धा तास सेंट्रिफ्यूजवर फिरवलं, पण स्नायूंची झीज तेवढ्याने थांबली नाही. मात्रा ठरवल्याशिवाय कुठलाही उपचार पुढे जात नाही. जी गोष्ट मी साध्या वाळूच्या पिशवीच्या वजनाबाबत पाळते, ती मंगळाच्या मोहिमेत कशी टाळता येईल?

आपलं स्थानक २०३५ पर्यंत पूर्ण व्हायचं आहे, पहिला भाग २०२८ मध्ये जायचा आहे. त्याच्या प्रतिकृतीचा व्यास ३.८ मीटर आहे. एवढ्या जागेत आडवा झोपलेला माणूस बसतो: डोकं मध्याशी, पाय भिंतीकडे. मिनिटाला साधारण २२ फेऱ्या झाल्या की तळपायाशी पृथ्वीइतकं वजन येतं. मान स्थिर ठेवली तर चक्करही आटोक्यात राहते, आणि रक्त पायांकडे ओढलं जात असल्यामुळे उभं राहिल्याचा काही भाग तरी शरीराला मिळतो. हे पहिल्या भागात जमणार नाही हे मी समजू शकते. पण पुढच्या एखाद्या भागात जागा, वीज आणि पाया आत्ताच राखला पाहिजे. फिरत्या यंत्राच्या थरथरीने इतर नाजूक प्रयोग बिघडतात, ही हरकत खरी आहे. त्यासाठी समतोल भार लावावा लागेल, वेळा वाटून घ्याव्या लागतील. तोवर सुरुवात लहान असू द्या. पीएसएलव्ही रॉकेटचा चौथा टप्पा वापरून इस्रोने जानेवारी २०२५ मध्ये कक्षेत चवळीला मोड आणून दाखवले. त्याच पेटीशेजारी दुसरी, फिरणारी पेटी का नको? बंगळुरूच्या हवाई वैद्यकशास्त्र संस्थेत वैमानिकांसाठीचं सेंट्रिफ्यूज आहेच. जमिनीवरचे खाटेचे अभ्यास आपल्याच लोकांवर, बायकांना घेऊन, करता येतील.

बायकांचं मुद्दाम लिहिते. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा विषय २०१९ मध्ये राज्यभर गाजला. ज्यांची अंडाशयंही तरुण वयात गेली, त्यांची हाडं वेळेआधी ठिसूळ होतात. डोक्यावर उसाची मोळी वाहून गाडी भरलेली बाई चाळिशीत पाठ धरून माझ्यासमोर बसते. गगनयानासाठी निवडलेले चौघेही पुरुष आहेत. उद्या बाई जाईल, तेव्हा तिच्या हाडांबद्दल आपल्याकडे स्वतःची माहिती असायला हवी, आणि ती माहिती इथल्या बाईलाही लागणार आहे. दुष्काळी भागातल्या माणसांनी अंतराळाच्या गोष्टी कशाला कराव्यात, असं मला एकदा ऐकवलं गेलं. गुरुत्वीय लहरी मोजणारी लायगो-इंडिया वेधशाळा आमच्या मराठवाड्यातल्या हिंगोली जिल्ह्यातच उभी राहणार आहे. आम्ही हे प्रश्न विचारणारच.

आपल्या वार्ताहरांना इस्रोच्या अधिकाऱ्यांशी बोलण्याची संधी मिळेल, तेव्हा त्यांनी माझ्या वतीने एवढं विचारावं: नियोजित भागांपैकी कुठल्या भागात माणसासाठीच्या सेंट्रिफ्यूजला जागा ठेवली आहे, आणि ठेवली नसेल तर तो निर्णय कुठल्या टप्प्यापर्यंत बदलता येतो?

आपली,
एक फिजिओथेरपिस्ट, अंबाजोगाई (जि. बीड)